नारळीकरांचं समीकरण आणि फुलर्टनचं इंजिन

1995 ते 1998 या काळात पुणे विद्यापीठाच्या गणेशखिंडीतल्या आवारात एक मौज होती, आणि ती फारशी कुणाच्या ध्यानात आली नाही. कुलगुरूंच्या खुर्चीत तेव्हा वसंत गोवारीकर होते. पुण्यात जन्मलेले, कोल्हापुरात वाढलेले, बर्मिंगहॅमला केमिकल इंजिनिअरिंग करून थुंब्याच्या रॉकेट केंद्रात गेलेले गोवारीकर म्हणजे भारताच्या घन इंधनामागचं मोठं नाव. 18 जुलै 1980 ला एसएलव्ही-3 नं रोहिणी उपग्रह कक्षेत नेला, त्या यानाचे चारही टप्पे घन इंधनाचे होते आणि विक्रम साराभाई अंतराळ केंद्राचे संचालक तेव्हा गोवारीकरच होते. त्याच आवारात, आयुका या खगोलविज्ञान संस्थेच्या संचालकपदी, कोल्हापुरात जन्मलेले जयंत नारळीकर होते. गोवारीकरांनी आयुष्याची उमेदीची वर्षं घातली ती वस्तू ढकलायची कशी या प्रश्नात. नारळीकरांनी विशी-पंचविशीत हात घातला तो त्याच्याही मागच्या प्रश्नाला: ढकलताना वस्तू अडून का बसते?

या दुसऱ्या प्रश्नाच्या उत्तरावर पुढं कॅलिफोर्नियातल्या काही मंडळींनी ताऱ्यांपर्यंत नेणारं इंजिन उभारायचा घाट घातला. नासानं त्यासाठी पैसेही दिले. इंजिन चाललं नाही. पण केंब्रिजमध्ये जन्मलेला, तिथंच बाद ठरलेला आणि पुण्यात निष्ठेनं जपलेला एक सिद्धांत पन्नास वर्षांनी या कामाला कसा जुंपला गेला, ही हकिगत सांगण्याजोगी आहे.

आधी अडचण काय होती ते पाहू. रॉकेट पुढं जातं ते मागं काहीतरी फेकून. 1903 मध्ये रशियातल्या कॉन्स्तान्तिन त्सिओलकोव्हस्की या शाळामास्तरानं याचं गणित मांडलं आणि त्यात एक पाचर निघाली. फेकलेल्या वायूचा वेग जेवढा, त्याच्या दुप्पट-तिप्पट वेग यानाला देणं परवडतं. त्यापुढं इंधनाची गरज बेसुमार वाढत जाते. पुण्यात पाषाणला एचईएमआरएल या संरक्षण प्रयोगशाळेत ज्या जातीच्या घन इंधनावर काम चालतं, त्याचा वायू सेकंदाला साधारण अडीच किलोमीटर वेगानं बाहेर पडतो. द्रवरूप हायड्रोजन आणि ऑक्सिजन जाळले तर साडेचार. रासायनिक इंधनाची मजल इथंच संपते. सूर्यानंतरचा सर्वांत जवळचा तारा प्रॉक्सिमा सेंटॉरी, तो 4.2 प्रकाशवर्षं दूर. 1977 मध्ये सुटलेलं व्हॉयेजर-1 सेकंदाला 17 किलोमीटर वेगानं धावतंय. या वेगानं तेवढं अंतर कापायला 75 हजार वर्षं लागतील. बरं, प्रकाशाच्या एक दशांश वेगानं जायचं म्हटलं, तर त्सिओलकोव्हस्कीच्या सूत्रात साडेचार किलोमीटर घालून पाहावं: एक किलो यानासाठी जेवढं किलो इंधन लागेल, तो आकडा लिहायला एकावर सुमारे 2,900 शून्यं द्यावी लागतात. दिसणाऱ्या सगळ्या विश्वातल्या अणूंची संख्या एकावर ऐंशी शून्यांच्या आसपास भरते. म्हणजे इंधन सुधारून हा प्रश्न सुटणारा नाही. ज्यांना ताऱ्यांपर्यंत जायचंच होतं, त्यांची नजर म्हणून सूत्राच्या मुळाशी गेली. मुळाशी होतं वस्तुमान, आणि वस्तुमानाचं जडत्व.

जडत्व म्हणजे वेग बदलायला वस्तूचा असलेला विरोध. न्यूटननं ते गृहीत धरलं. त्याचं म्हणणं असं की अवकाश हे स्वतःच एक स्थिर चौकट आहे आणि वस्तू विरोध करते ती त्या चौकटीच्या संदर्भात. दोनशे वर्षांनी, 1883 मध्ये, ऑस्ट्रियाच्या अर्न्स्ट माख यांनी यंत्रशास्त्रावरच्या ग्रंथात यावर कोरडे ओढले. रिकाम्या अवकाशाला कुणी पाहिलंय? आपण पाहतो ते दूरचे तारे. मग वस्तूचं जडत्व त्या दूरच्या वस्तुमानामुळंच असणार.

हा मुद्दा ऐकायला तत्त्वज्ञानाचा वाटतो. पुण्यात तो डोळ्यांनी पाहता येतो. आयुकाच्या इमारतीत फुकोचा लंबक टांगलेला आहे. लंबक झुलत राहतो आणि त्याच्या झोक्याची दिशा तासाला पावणेपाच अंशांनी सरकते; पुण्याच्या अक्षांशावर पूर्ण फेरी व्हायला 75 तास लागतात. उत्तर ध्रुवावर हीच फेरी 23 तास 56 मिनिटांत होईल. आता ताऱ्यांकडं बघून पृथ्वीची गिरकी मोजा: तीही 23 तास 56 मिनिटं. एक मापन बंद खोलीत, आकाशाकडं न पाहता केलेलं. दुसरं निव्वळ आकाशाकडं पाहून. दोन्ही जुळतात. न्यूटनच्या मते हा योगायोग, म्हणजे दूरचे तारे त्या निरपेक्ष चौकटीत स्थिर आहेत एवढंच. माखच्या मते लंबकाला दिशा देणारे तारेच आहेत. नारळीकर माखचं तत्त्व समजावताना पृथ्वीची गिरकी मोजण्याच्या या दोन रीती शेजारी-शेजारी ठेवत. माखची बाजू मांडायला याहून सोपी वाट मला तरी दिसत नाही.

आइन्स्टाईनवर माखचा मोठा प्रभाव होता. ‘माखचं तत्त्व’ हे नाव त्यानंच 1918 मध्ये रूढ केलं. पण त्याच्या स्वतःच्या समीकरणांना रिकामं विश्वही चालतं आणि त्या रिकाम्या विश्वात एकट्या कणालाही जडत्व असतं, हे डी सिटरनं 1917 मध्येच दाखवून दिलं होतं. आइन्स्टाईनचा माखवरचा लोभ पुढं आटत गेला. 1953 मध्ये केंब्रिजच्या डेनिस सियामांनी जडत्वाच्या उगमावर एक निबंध लिहून प्रश्न पुन्हा धसाला लावला: वस्तूला धक्का द्यावा तेव्हा सगळं विश्व तिच्या सापेक्ष उलट दिशेनं वेग घेतं, आणि त्या विश्वाचं गुरुत्वाकर्षणच तिला मागं ओढतं; तेच जडत्व. सियामा हे नाव लक्षात ठेवायचं. या गोष्टीत ते दोनदा येतं आणि दोन्ही वेळा नारळीकरांच्या वाटेत येतं.

नारळीकरांच्या घरात सापेक्षता वडिलांपासून होती. विष्णु वासुदेव नारळीकर कोल्हापूरचे, केंब्रिजचे रँग्लर. मदनमोहन मालवीयांच्या बोलावण्यावरून ते बनारस हिंदू विद्यापीठात गेले आणि सामान्य सापेक्षतेवर भारतात जे थोडे लोक काम करत, त्यांत अग्रभागी राहिले. प्र. चु. वैद्य यांनी किरणं बाहेर टाकणाऱ्या ताऱ्याभोवतीच्या अवकाशाचं जे प्रसिद्ध उत्तर काढलं, ते बनारसला त्यांच्याच छायेत. जयंतराव 19 जुलै 1938 ला कोल्हापुरात जन्मले, वाढले बनारसला, 1957 मध्ये बी.एस्सी. होऊन केंब्रिजला गेले, रँग्लर झाले आणि फ्रेड हॉइल यांचे विद्यार्थी झाले.

हॉइल हे तेव्हा ब्रिटनमधलं सर्वांत भांडखोर वैज्ञानिक नाव असावं. विश्वाला आरंभ नाही, ते प्रसरण पावतं आणि मोकळ्या जागेत नवं द्रव्य निर्माण होत राहतं, हा स्थिर-स्थिती सिद्धांत त्यांनी बाँडी आणि गोल्ड यांच्या जोडीनं मांडलेला. केंब्रिजमधलेच रेडिओ-खगोलज्ञ मार्टिन राइल यांनी 1961 मध्ये रेडिओस्रोतांची गणती पुढं करून या सिद्धांतावर घाव घातला. हॉइलनी उत्तर द्यायला रॉयल अ‍ॅस्ट्रॉनॉमिकल सोसायटीच्या सभेत कुणाला उभं केलं? तर पीएच.डी.चं काम अर्धवट असलेल्या बावीस वर्षांच्या नारळीकरांना. त्या वयात राइलसारख्या माणसासमोर उभं राहणं म्हणजे काय, याची कल्पना संशोधनाच्या वाटेनं गेलेल्या कुणालाही येईल.

1963 मध्ये पीएच.डी. झाली, किंग्ज कॉलेजची फेलोशिप मिळाली आणि गुरुशिष्य माखकडं वळले. त्यांची वाट विजेकडून गेली होती. व्हीलर आणि फाइनमन यांनी 1945 मध्ये एक विचित्र कल्पना मांडली होती: विद्युतभारित कण हलला की त्याचा परिणाम निम्मा भविष्याकडं जातो आणि निम्मा भूतकाळाकडं. आपल्याला उलटे संदेश दिसत नाहीत, कारण विश्वातले बाकीचे सगळे कण जो प्रतिसाद देतात त्यात उलटा भाग पुसला जातो. म्हणजे टेबलावरच्या एका इलेक्ट्रॉनच्या वागण्यात सगळं विश्व सामील. हॉइल आणि नारळीकर यांनी हाच आराखडा गुरुत्वाकर्षणाला लावला. त्यांच्या सिद्धांतात कणाला स्वतःचं असं वस्तुमान नाही. विश्वातला प्रत्येक दुसरा कण त्याच्या वस्तुमानात आपली भर घालतो आणि त्या सगळ्या भरींची बेरीज म्हणजे वस्तुमान. बाकीचं विश्व काढून टाकलं तर बेरीज शून्य. कण पुष्कळ असले आणि सगळीकडं सारखे पसरलेले असले, की आइन्स्टाईनचीच समीकरणं हाती येतात, आणि वर एक मिळकत: गुरुत्वाकर्षण हे आकर्षणच का, प्रतिकर्षण का नाही, याचं उत्तर आपोआप पडतं. आइन्स्टाईनकडं ते चिन्ह हातानं घालावं लागतं.

जून 1964 मध्ये लंडनच्या बर्लिंग्टन हाउसमध्ये, रॉयल सोसायटीत, हा सिद्धांत जाहीर झाला. वर्तमानपत्रांनी उचलून धरला. अर्धं विश्व नाहीसं झालं तर सूर्याचं आकर्षण वाढून पृथ्वी होरपळेल, हे वाक्य मथळ्यांना सोयीचंच होतं. आइन्स्टाईनच्या पुढं गेलेला भारतीय तरुण म्हणून इकडं नारळीकरांचा उदो उदो झाला आणि 1965 मध्ये, वयाच्या सव्विसाव्या वर्षी, पद्मभूषण आलं. आपल्या मराठी घराघरांत नारळीकर हे नाव पोचलं ते तेव्हा. सिद्धांत काय आहे हे घरी कुणाला माहीत असण्याचं कारण नव्हतं.

आणि त्याच सभेत सिद्धांताला सुरुंगही लागला. भाषण संपल्यावर काठीचा आधार घेत एक बावीस वर्षांचा विद्यार्थी उठला आणि म्हणाला की तुमची बेरीज अनंत येते. हॉइलनी विचारलं, कशावरून? त्यानं सांगितलं, मी गणित करून पाहिलंय. जमलेल्यांना वाटलं यानं उभ्या-उभ्या तोंडी हिशेब केला. वस्तुस्थिती अशी की तो नारळीकरांच्याच विभागात होता, प्रसिद्धीपूर्वीचा मसुदा त्याच्या हाती आलेला होता आणि हिशेब त्यानं सावकाश करून ठेवला होता. हा विद्यार्थी म्हणजे स्टीफन हॉकिंग. त्याला मार्गदर्शक म्हणून खरं तर हॉइलच हवे होते, मिळाले सियामा.

हॉकिंगचा मुद्दा असा. प्रसरण पावणाऱ्या विश्वात भूतकाळाकडून येणारी भर आटोक्यात राहते, पण भविष्याकडून उलट येणारी भर मोजायला घेतली तर ती संपतच नाही. वस्तुमान अनंत येतं. 1965 मध्ये त्यानं हा आक्षेप स्वतंत्र निबंधात छापला आणि पीएच.डी.च्या प्रबंधाचं पहिलं प्रकरणही त्यावरच बेतलं. हॉइल-नारळीकरांनी पुढं सिद्धांतात डागडुजी केली, 1974 मध्ये एक पुस्तकही लिहिलं. पण 1965 मध्येच पेन्झियास आणि विल्सन यांना विश्वातली सूक्ष्मलहरींची पार्श्वभूमी सापडली, महास्फोटाच्या बाजूनं कौल फिरला आणि स्थिर-स्थिती विश्वासोबत त्याच्या पोटातला हा गुरुत्वसिद्धांतही मागं पडला. हॉकिंगच्या गणितानं जेवढं नुकसान केलं, त्याहून जास्त या सोबतीनं केलं असं माझं मत आहे. पडणाऱ्या घरात नवं कपाट ठेवल्यासारखं झालं. कपाट तपासायला मग कुणी आत शिरेना.

त्याच सुमारास माखवर प्रयोगाचाही एक घाव पडला होता. जडत्व दूरच्या वस्तुमानामुळं येत असेल, तर आकाशगंगेच्या केंद्राच्या दिशेला ते किंचित वेगळं यावं. अमेरिकेत व्हर्नन ह्यूज आणि स्कॉटलंडमध्ये रोनाल्ड ड्रेव्हर यांनी 1960 च्या आसपास हा फरक शोधला. ड्रेव्हरनी तर घरच्या बागेत, मोटारीच्या बॅटऱ्यांवर प्रयोग केला. फरक मिळाला नाही, आणि तोही कमालीच्या अचूकतेनं मिळाला नाही. माखच्या कैवाऱ्यांनी त्यावरही तोड काढली: सगळ्याच गोष्टी सारख्या प्रमाणात बदलत असतील तर फरक दिसणारच कसा? हेच ड्रेव्हर पुढं गुरुत्वलहरी टिपणाऱ्या लायगोच्या संस्थापकांपैकी एक झाले.

हॉइलनी 1972 मध्ये केंब्रिज सोडलं. त्याच वर्षी नारळीकर मुंबईला टाटा मूलभूत संशोधन संस्थेत आले. तारकाप्रवास त्यांनी मराठीत आणला तो मात्र समीकरणांतून नव्हे. मराठी विज्ञान परिषदेच्या कथास्पर्धेत ‘कृष्णविवर’ ही कथा त्यांनी नारायण विनायक जगताप या नावानं धाडली, स्वतःच्या आद्याक्षरांचा क्रम उलटा करून. कथेला पहिलं बक्षीस मिळालं. 1988 मध्ये विद्यापीठ अनुदान आयोगानं आयुका स्थापन केली आणि ते पुण्याचे झाले. चार्ल्स कोरियांनी बांधलेल्या इमारतीचं लोकार्पण डिसेंबर 1992 मध्ये खगोलशास्त्रज्ञ चंद्रशेखर यांच्या हस्ते झालं. शाळकरी मुलं सही मागायला आली की नारळीकर म्हणत, पोस्टकार्डावर एक प्रश्न लिहून पाठवा, उत्तराखाली सही येईल.

मुख्य काम इथंही तेच राहिलं. 1993 मध्ये हॉइल, जेफ्री बर्बिज आणि नारळीकर यांनी अर्ध-स्थिर-स्थिती विश्वाचं प्रतिरूप मांडलं; त्याचा पाया 1964 चाच, माखवादी. जगातल्या बहुतेक विश्वरचनाशास्त्रज्ञांनी त्याकडं पाठ फिरवली. 1998 मध्ये दूरचे सुपरनोव्हा अपेक्षेपेक्षा फिके दिसले आणि विश्वाचं प्रसरण वाढत्या वेगानं होतंय असा निष्कर्ष निघाला. नारळीकरांना तो पटला नाही. अवकाशात लोखंडाचे बारीक तंतू पसरले असतील तर ते प्रकाश गिळतील आणि सुपरनोव्हा फिके दिसतील, असा पर्याय त्यांनी सहकाऱ्यांसह मांडला. हे एवढं ध्यानात ठेवायचं, कारण पुढं याचीच गंमत होणार आहे.

आता कॅलिफोर्निया. लॉस एंजेलिसजवळ फुलर्टनला स्टेट युनिव्हर्सिटी आहे. तिथले जेम्स वुडवर्ड हे पेशानं विज्ञानाच्या इतिहासाचे प्राध्यापक, पण भौतिकशास्त्राची एम.एस. असलेले आणि स्वतःची प्रयोगशाळा बाळगणारे. 1990 मध्ये त्यांनी सियामांच्या त्या 1953 च्या निबंधावरून एक निष्कर्ष काढला. वस्तूचं जडत्व जर बाकीच्या विश्वाशी असलेल्या नात्यातून येत असेल, तर वस्तूला धक्का देता देता तिच्या आतली ऊर्जाही झपाट्यानं बदलली, की तिचं वस्तुमान क्षणभर किंचित कमी-जास्त होईल. मग ती जड असताना मागं ढकलायची आणि हलकी असताना पुढं ओढायची. दर फेरीत थोडा रेटा उरेल आणि बाहेर काहीच फेकावं लागणार नाही. त्सिओलकोव्हस्कीचं सूत्र लागूच होणार नाही. 1994 मध्ये त्यांना पेटंटही मिळालं.

यंत्र दिसायला अगदीच सामान्य. शिसं, झिर्कोनियम आणि टायटॅनियम यांच्या संयुगाच्या, वीज दिली की आकार बदलणाऱ्या सिरॅमिक चकत्या. जाडी दोन मिलिमीटर. त्या एकावर एक रचायच्या, एका टोकाला पितळेचा जड ठोकळा, दुसऱ्या टोकाला हलकी टोपी, आणि बोल्टांनी आवळायचं. सेकंदाला हजारो वेळा उलटसुलट होणारा विद्युतदाब दिला की चकत्या थरथरतात. हे सगळं निर्वात भांड्यात, आडव्या तुळईच्या तराजूवर. मिळतो असं म्हटलेला रेटा काही मायक्रोन्यूटन. एक मायक्रोन्यूटन म्हणजे मिलिग्रॅमच्या दहाव्या भागाचं वजन.

नासानं 1996 ते 2002 या काळात मार्क मिलिस यांच्या देखरेखीखाली प्रणोदनाच्या धाडसी कल्पनांसाठी एक छोटा कार्यक्रम चालवला. त्याच्या मदतीनं वॉशिंग्टन विद्यापीठाच्या जॉन क्रेमर यांनी वुडवर्डचा परिणाम पडताळायचा प्रयत्न केला. हो की नाही, काहीच ठरलं नाही. तोवर जाणकारांचा मुख्य आक्षेप वेगळाच होता. वस्तू एकीकडं जाते, तर तेवढाच संवेग दुसरीकडं गेला पाहिजे. तो कुठं गेला? वुडवर्ड म्हणत, दूरच्या विश्वात. पण दूरच्या विश्वापर्यंत निरोप जायला अब्जावधी वर्षं लागतील. रेटा तर आत्ता हवा.

इथं 1964 कामाला आलं. फुलर्टनच्याच हायडी फर्न यांनी हॉइल-नारळीकर सिद्धांत कपाटातून बाहेर काढला. त्यात निम्मा परिणाम भविष्याकडं, निम्मा भूतकाळाकडं जातो. धक्क्याचा निरोप दूरच्या द्रव्याला जातो आणि उत्तर काळात उलटं येऊन धक्क्याच्याच क्षणी पोचतं. वुडवर्डच्या हिशेबाला हवा होता तो तत्काळ व्यवहार इथं आयता होता. 2015 मध्ये फर्न आणि सहकाऱ्यांनी या यंत्राची उपपत्ती हॉइल-नारळीकरांच्या समीकरणांतून मांडली. हॉकिंगच्या आक्षेपाचं काय? त्यावर फर्न यांचं उत्तर असं की प्रसरण वाढत्या वेगानं होत असेल तर विश्वाला एक क्षितिज असतं, त्यापलीकडची भर पोचत नाही आणि बेरीज आटोक्यात येते. म्हणजे नारळीकरांच्या सिद्धांताला जीवदान द्यायला जे प्रसरण पुढं केलं गेलं, ते खुद्द नारळीकरांना मान्य नव्हतं. यंत्र बांधणाऱ्यांत ते नव्हतेही.

सप्टेंबर 2016 मध्ये कोलोरॅडोतल्या एस्टेस पार्कला या मंडळींची कार्यशाळा झाली. ऑस्ट्रिया आणि कॅनडातल्या प्रयोगकर्त्यांनीही लहानशी हालचाल दिसल्याचं सांगितलं. एप्रिल 2017 मध्ये नासाच्या प्रगत संकल्पना कार्यक्रमानं फर्न यांच्या आंतरतारकीय मोहिमेच्या प्रकल्पाला पहिल्या टप्प्याचं अनुदान दिलं, 2018 मध्ये दुसऱ्या टप्प्याचं. त्याच 2017 च्या ऑक्टोबरात केंब्रिजनं हॉकिंगचा प्रबंध इंटरनेटवर खुला केला आणि वाचकांच्या झुंबडीनं संकेतस्थळ कोलमडलं. नासाच्या पैशावर ज्या सिद्धांताचा आधार घेतला जात होता, त्याचंच खंडन त्या प्रबंधाच्या पहिल्या प्रकरणात होतं. उघडणाऱ्या लाखोंपैकी किती जण त्या प्रकरणापर्यंत थांबले असतील, देव जाणे.

निकाल ड्रेस्डेनच्या तांत्रिक विद्यापीठात लागला. मार्टिन टायमार यांच्या गटानं न्यूटनच्या अब्जांश भागापर्यंत बल मोजणारे तराजू बांधले होते. विजेच्या तारांचं चुंबकत्व, तापल्यानं तुळई वाकणं, सांध्यांतून झिरपणारं कंपन, प्रत्येकाचा वेगळा माग काढायचा ही त्यांची पद्धत. सूक्ष्मलहरींवर चालणाऱ्या ‘एमड्राइव्ह’ नावाच्या दुसऱ्या गाजलेल्या यंत्राचा फुगाही त्यांनीच फोडला. वुडवर्ड यंत्रावरचे निष्कर्ष 2021 मध्ये जाहीर झाले: दिसतो तो रेटा थरथरणाऱ्या चकत्यांची कंपनं तराजूत शिरल्यामुळं दिसतो, ती काढली की हाती काही उरत नाही. हे होणारच होतं असं आता म्हणणं सोपं आहे, पण कागदावरही एक खूण आधीपासून होती. ठरावीक वीज खाऊन ठरावीक रेटा देणारं यंत्र वेग घेत गेलं की त्याची गतिज ऊर्जा वेगाच्या वर्गानं वाढते, खर्च मात्र काळाच्या प्रमाणात. कुठंतरी जमा खर्चाच्या पुढं जाते. ती वरकड ऊर्जा विश्वाकडून येते, हे उत्तर फार कमी जणांना पचलं.

ड्रेस्डेननं इंजिनाचा निकाल लावला; 1964 च्या सिद्धांताचा लागला असं म्हणता येत नाही. समीकरणांपासून थरथरत्या चकत्यांपर्यंत पोचायला फुलर्टनच्या गटानं बरीच वाढीव गृहीतकं घातली होती, आणि कोसळायला त्यांपैकी एक पुरेसं आहे. सिद्धांताची खरी दुखणी जुनीच आहेत: हॉकिंगची अनंत बेरीज आणि सूक्ष्मलहरींची पार्श्वभूमी. आइन्स्टाईनपेक्षा वेगळं असं काहीतरी भाकीत, जे आजच्या उपकरणांनी तपासता येईल, ते त्यातून निघालं नाही, हे त्याहून मोठं दुखणं. नारळीकर 20 मे 2025 ला पुण्यात गेले, तोवर माखवरची त्यांची निष्ठा ढळली नव्हती.

तारकाप्रवासाचा जो प्रकल्प गेल्या दशकात सर्वांत गांभीर्यानं घेतला गेला, त्याला माख लागतच नाही. 12 एप्रिल 2016 ला न्यूयॉर्कमध्ये उद्योगपती युरी मिलनर यांनी दहा कोटी डॉलरच्या तयारीनं ‘ब्रेकथ्रू स्टारशॉट’ची घोषणा केली. काही ग्रॅमचं यान, त्याला पातळ शीड, आणि जमिनीवरून त्यावर लेसरचा झोत. वेग प्रकाशाच्या एक पंचमांश, प्रवास वीस वर्षांचा. इंधन पृथ्वीवरच राहतं, त्यामुळं त्सिओलकोव्हस्कीची पाचर टळते, आणि संवेगाचा हिशेब न्यूटनच्या वहीत बसतो: शंभर गिगावॅटचा झोत शिडानं पुरता परतवला तर रेटा मिळतो सुमारे 670 न्यूटन, साधारण 68 किलो वजनाएवढा. घोषणेच्या वेळी मंचावर मिलनर यांच्या शेजारी चाकाच्या खुर्चीत स्टीफन हॉकिंग होते.